खारपाणपट्टा

अमरावती, अकोला आणि बुलढाणा या जिल्ह्यांत पूर्णा नदीच्या दोन्ही अंगांना पसरलेला खारट भूजलाचा प्रदेश. उत्तरेला गाविलगडचे डोंगर, दक्षिणेला अजिंठ्याची रांग आणि मधल्या खोलगट भागात गाळाचे जाडजूड थर, अशी याची रचना आहे. पूर्णा पुढे जळगाव जिल्ह्यात चांगदेवला तापीस मिळते.

जमीन काळी, भारी, दिसायला कसदार. विहिरीला पाणीही लागते. पण ते पिण्याजोगे नसते आणि पिकाला सतत दिले तर जमीनच बिघडवते.

दोष एकट्या मिठाचा नाही. खरी गोम कॅल्शियम निसटण्यात आहे. वर्षाचा सुमारे ८०० मिलिमीटर पाऊस बहुतांशी चार महिन्यांत पडतो. उरलेला काळ बाष्पीभवनाचा. मातीतले पाणी आटत गेले की बायकार्बोनेटशी संयोग पावून कॅल्शियम चुनखडीच्या रूपाने बाहेर पडते. अशा खड्यावर सौम्य हायड्रोक्लोरिक आम्लाचा थेंब टाकला की तो फसफसतो. सोडियमचे क्षार मात्र विरघळलेलेच राहतात. पाण्यातला सोडियमचा वाटा त्यामुळे वाढतो आणि तो चिकणमातीच्या कणांवर ठाण मांडतो. कॅल्शियम कणांना एकत्र धरून ठेवते, सोडियम त्यांना विलग करते. सुटे झालेले बारीक कण मातीची छिद्रे बुजवतात, निचरा थांबतो. अशा, म्हणजे चोपण, जमिनीचे ढेकूळ पावसाच्या पाण्याच्या पेल्यात टाकले, तर पाणी कितीतरी वेळ गढूळच राहते.

कणांना चिकटलेल्या धनभारित मूलद्रव्यांत सोडियम १५ टक्क्यांवर गेले की जमीन चोपण, असा रूढ निकष आहे. नागपूरच्या राष्ट्रीय मृदा सर्वेक्षण संस्थेतील अभ्यासकांनी पूर्णेच्या खोऱ्यात ५ टक्क्यांपासूनच निचरा बिघडल्याचे दाखवले. म्हणजे पुस्तकी निकषाने निरोगी ठरलेल्या शेतातही पाणी तुंबू शकते!

शेती मुख्यतः पावसावर. खरिपात कापूस, तूर, मूग. रब्बीत जमिनीतल्या ओलीवर हरभरा. संरक्षित पाण्यासाठी शेततळ्यात पावसाचे गोडे पाणी साठवतात. नानाजी देशमुख कृषी संजीवनी प्रकल्पात इथली गावे आहेत.

जमीन सुधारायला जिप्सम घालतात. त्यातले कॅल्शियम सोडियमची जागा घेते. सुटलेले सोडियम सल्फेटच्या रूपात पावसाबरोबर खाली झिरपते. त्यासाठी निचऱ्याची वाट हवी. चर न काढता नुसत्या गोण्या रिकाम्या केल्या, तर क्षार मुळांपाशीच राहतात.