खारा : समुद्र नसलेल्या वऱ्हाडातील एका विशेषणाचा इतिहास

१/
अमरावतीहून परतवाड्याकडे जाणाऱ्या रस्त्यावर पेढी नदीकाठी वलगाव हे गाव लागते. इथून पेढी भातकुलीच्या दिशेने वाहत जाऊन पूर्णेला मिळते. नदीसोबत पश्चिमेकडे जावे तसा विहिरींच्या पाण्याचा स्वाद पालटतो. भातकुली आणि दर्यापूरच्या अनेक गावांत त्या पाण्याला एकच विशेषण लागते : खारे. समुद्र इथून कित्येक शे किलोमीटर दूर आहे. तरीही या शब्दाने इथली शेती, पाणवठे आणि काही काळ राजकारणही घडवले. हा धागा त्या शब्दाचा.

२/
प्रथम व्युत्पत्ती. संस्कृत ‘क्षार’ प्राकृतात ‘खार’ झाला आणि त्यावरून मराठीत ‘खारा’ आला. परंतु आयुर्वेदाच्या षड्रसांत ‘क्षार’ नाही. तिथे मधुर, अम्ल, लवण, कटु, तिक्त आणि कषाय असे सहा रस आहेत. मिठाच्या चवीचे शास्त्रीय नाव ‘लवण’. वनस्पती जाळून, त्यांची राख पाण्यात कालवून, गाळून आणि आटवून मिळणारा दाहक पदार्थ म्हणजे क्षार. सुश्रुतसंहितेत त्याची कृती आणि शल्यकर्मातील उपयोग सांगितले आहेत. म्हणजे ‘खारा’ शब्दाच्या पूर्वजात चवीइतकाच दाहही होता.

३/
मग ‘लवण’ कुठे गेले? तेही मराठीत राहिले, पण वेष पालटून. ‘लवण’चे ‘लोण’ झाले आणि ‘लोणचे’ या शब्दात मुरले. ज्यात लवण नाही ते ‘अळणी’. मीठ तयार करणाऱ्यांपैकी एका समाजाचे नाव ‘लोणारी’. बुलडाणा जिल्ह्यातील लोणारच्या नावातही हेच लवण ऐकू येते. आख्यायिका मात्र ते नाव विष्णूने मारलेल्या लवणासुराशी जोडते.

४/
सर्वांत मोठी गंमत ‘मीठ’ या शब्दाची. त्याचे मूळ संस्कृत ‘मृष्ट’ किंवा ‘मिष्ट’, म्हणजे रुचकर, गोड. हिंदीत त्याच मुळापासून ‘मीठा’ म्हणजे गोड झाले. गुजरातीत ‘मीठुं’ म्हणजे मीठही आणि गोडही. अन्नाला रुची आणणारा पदार्थ म्हणून मराठी माणसाने मिठाला ‘गोड’ म्हटले, आणि समुद्राच्या पाण्याला ‘खारे’. एकाच पदार्थाची एक बाजू कौतुकाची, दुसरी तक्रारीची. ‘खारा’ शब्दाचा पुढचा सारा इतिहास या दोन बाजूंमध्ये फिरतो.

५/
कौतुकाची बाजू स्वयंपाकघरात दिसते : खारे दाणे, खारी बुंदी, खारे शंकरपाळे, बेकरीतली पापुद्र्यांची खारी. इथे ‘खारा’ म्हणजे गोड नसलेला, तोंडाला चव आणणारा. प्रमाण बिघडले की तोच शब्द ‘खारट’ होतो. किंचित झाक असेल तर ‘खारवट’. मासळीला वा आवळ्याला मीठ लावून टिकवणे म्हणजे ‘खारवणे’. धड खारे नाही आणि धड गोडही नाही अशा पाण्यासाठी ‘मचूळ’ असा स्वतंत्र शब्द आहे. भाषा जिथे इतके सूक्ष्म भेद करते, तिथे त्या भेदांवर काहीतरी अवलंबून असते.

६/
कोकणात ‘खारा’ समुद्राचा. समुद्रावरून जमिनीकडे येतात ते खारे वारे, जमिनीवरून समुद्राकडे जातात ते मतलई. खाडीकाठी वाढते ती खारफुटी. बांध घालून भरतीपासून राखलेली ती खार जमीन. खार, खारघर, खारेपाटण ही गावे खाऱ्या पाण्याच्याच परिसरातील. शासनालाही या शब्दाची दखल घ्यावी लागली : १९४८ चा मुंबई खार जमीन कायदा आणि १९७९ चा महाराष्ट्र खार जमीन विकास अधिनियम ही त्याची उदाहरणे.

७/
एक फसवा भाऊबंदही आहे. ‘खार खाणे’ म्हणजे मनात आकस धरणे. यातला ‘खार’ चवीचा वाटतो. पण फारसीत ‘ख़ार’ म्हणजे काटा, आणि हिंदी-उर्दूत ‘ख़ार खाना’ हा प्रयोग याच अर्थाने रूढ आहे. वऱ्हाड शतकानुशतके फारसी दरबारी भाषा असलेल्या राजवटींखाली होते. काटा आणि क्षार या दोन्ही गोष्टी बोचणाऱ्या. मराठी कानाने दोघांना एकच मानले तर नवल नाही. झाडावरची खार मात्र या कुळातली नव्हे.

८/
आता वऱ्हाड. उत्तरेला गाविलगडाचे डोंगर, दक्षिणेला अजिंठ्याची रांग आणि मधून पश्चिमेकडे तापीला भेटायला निघालेली पूर्णा. या खोऱ्यात गाळाचे थर काही ठिकाणी शेकडो मीटर खोल आहेत. उतार अत्यल्प, निचरा मंद, ऊन कडक. पाणी वाफ होऊन जाते, क्षार मागे राहतात. अमरावती, अकोला आणि बुलडाणा जिल्ह्यांत मिळून सुमारे ४,७०० चौरस किलोमीटरचा हा प्रदेश. त्याचे नाव खारपाणपट्टा.

९/
‘खारपाण’ म्हणजे खारे पाणी. इथे विशेषण पदार्थाचे राहिले नाही, भूगोलाचे झाले. गाव खारे, शिवार खारे, विहीर खारी. या पाण्यात डाळ नीट शिजत नाही, साबणाला फेस येत नाही. मूत्रपिंडाच्या विकारांची तक्रार या गावांतून दीर्घकाळ होत आली आहे. दुसरीकडे जाताना माणूस तिथले अन्न कसे आहे हे विचारतो. इथे आधी पाणी कसे आहे हे विचारावे लागे.

१०/
शेतीतला पेच अधिक अवघड. जमीन काळी, खोल, दिसायला श्रीमंत. पण विहिरीचे खारे पाणी पिकाला दिले की त्यातील सोडियम मातीचे कण विस्कटवतो. छिद्रे बुजतात, पाणी मुरत नाही. वाळल्यावर रान दगडासारखे होते. अशा जमिनीला ‘चोपण’ म्हणतात. पाय खाली पाण्यावर, पण ते पाणी पिकाला चालत नाही. म्हणून कापूस, तूर, मूग, ज्वारी ही पावसावरची पिके, आणि रब्बीत जमिनीतल्या ओलाव्यावर येणारा हरभरा अशी इथली घडी बसली.

११/
परंतु जे पाणी शेताला नको होते, त्यातच एक धंदा दडलेला होता. पूर्णेच्या खोऱ्यात पूर्वी खाऱ्या विहिरींचे पाणी उपसून, ते आटवून मीठ काढले जाई. दक्षिणेला लोणार परिसराचीही ख्याती क्षारांसाठी होती. अकबराच्या काळातील ‘ऐन-ए-अकबरी’ वऱ्हाड सुभ्याचे वर्णन करताना तिथे काच आणि साबण यांना लागणारी द्रव्ये मिळतात, सोऱ्याचे उत्पादन होते आणि त्यातून सरकारला महसूल मिळतो, असे नोंदवते. म्हणजे खारेपण हे तेव्हा संपत्तीतही गणले जात होते.

१२/
१८५३ च्या तहाने निजामाने वऱ्हाडचा कारभार कंपनीकडे सोपवला. १८६० च्या दशकात मुंबईहून निघालेली रेल्वे वऱ्हाडात आली. ती इथला कापूस घेऊन जाऊ लागली आणि किनाऱ्यावरचे कर भरलेले मीठ आणू लागली. इंग्रजी अमलात मीठ हा सरकारी मक्त्याचा आणि कराचा विषय होता. १८८२ च्या मीठ कायद्याने तो अधिक आवळला. पूर्णाकाठचे मीठकाम बंद पडले. शेतकऱ्याच्या दारात खारी विहीर होती, पण त्या पाण्यापासून मीठ करणे गुन्हा होता.

१३/
इथून ‘खारा’ या शब्दाचा वऱ्हाडातील अर्थ एकतर्फी झाला. खारेपणातला लाभ कायद्याने काढून घेतला आणि तोटा तेवढा गावाकडे ठेवला. पाणी पिण्याजोगे नाही, शेतीजोगे नाही, आणि ज्या एका कामाचे आहे ते करण्यास मनाई. मिठाच्या कराची चर्चा बहुधा समुद्रकिनाऱ्याच्या संदर्भात होते. अन्यायाची ही अंतर्देशीय बाजू त्यामुळे नजरेआड राहते.

१४/
६ एप्रिल १९३० रोजी गांधीजींनी दांडीला मीठ उचलले. समुद्र नसलेल्या प्रांतांपुढे प्रश्न उभा राहिला : कायदा मोडायचा कुठे? वऱ्हाडाला उत्तर शोधायला दूर जावे लागले नाही. अकोला जिल्ह्यातील दहीहंडा हे गाव खाऱ्या विहिरींसाठी प्रसिद्ध होते. त्याच एप्रिलमध्ये सत्याग्रही तिथे जमले आणि विहिरीच्या पाण्यापासून मीठ तयार करून त्यांनी कायदेभंग केला. ‘रणदुंदुभि’ नाटकाचे कर्ते अमरावतीचे वीर वामनराव जोशी आणि अकोल्याचे ब्रिजलाल बियाणी हे वऱ्हाडातील त्या चळवळीचे अग्रणी होते.

१५/
या कृतीचा अर्थ लक्षात घ्यावा. किनाऱ्यावरच्या सत्याग्रह्याने समुद्राचे मीठ उचलले. समुद्र कोणाच्याच मालकीचा नव्हता. दहीहंड्याच्या माणसाने गावाचा दोषच कढईत ओतला. ज्या पाण्यामुळे रान चोपण होते, त्याच पाण्याने त्या दिवशी सरकारला आव्हान दिले. ‘खारे’ हे विशेषण त्या उन्हाळ्यात तक्रारीचे न राहता अभिमानाचे झाले.

१६/
ही अवस्था फार काळ टिकली नाही. विहिरीच्या मिठावर साऱ्या प्रांताची चळवळ चालवता येणे अवघड होते. पावसाळा आला आणि लढ्याने दुसरे क्षेत्र शोधले. १० जुलै १९३० रोजी लोकनायक बापूजी अणे यांनी पुसद येथे राखीव जंगलातील गवत कापून जंगल सत्याग्रह सुरू केला. मीठ मागे पडले, गवत पुढे आले. इतिहासाच्या पुस्तकांत पुसदला ठळक जागा मिळाली. दहीहंड्याचा उल्लेख बहुधा एखाद्या ओळीत आटोपतो.

१७/
खाऱ्याचा विरुद्धार्थी शब्द वऱ्हाडात ‘गोड’. गोड पाणी म्हणजे साखरेचे नव्हे, पिण्याजोगे. जिथे बहुतेक विहिरी खाऱ्या, तिथे एखादी गोड विहीर ही गावाची सर्वांत मोठी मालमत्ता ठरते. आणि दुर्मीळ पाण्यावर जातिव्यवस्थेचा पहारा असतो. गावात पाणी विपुल असले तरी अस्पृश्य मानलेल्यांना पाणवठा बंद होता. गोड विहीर एकच असेल तर त्या बंदीचा अर्थ खारे पाणी पिणे हाच उरे. १९२७ साली डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी महाडला जो लढा दिला, त्या तळ्याचे नाव ‘चवदार’. पाण्याची चव कोणाच्या वाट्याला यावी, हा प्रश्न केवळ जिभेचा नव्हता.

१८/
याच खोऱ्याने एक असा माणूस दिला, ज्याने पाणवठ्यालाच आपले कार्यक्षेत्र केले. शेंडगाव येथे १८७६ साली जन्मलेले डेबूजी झिंगराजी जाणोरकर मूर्तिजापूरजवळच्या दापुरे गावी मामाच्या घरी वाढले, गुरे राखली, शेतात राबले. तेच पुढे संत गाडगेबाबा. भातकुली तालुक्यातील ऋणमोचन येथे पूर्णाकाठी यात्रा भरते. चिखलातून नदीत उतरणाऱ्या यात्रेकरूंसाठी त्यांनी १९०८ च्या सुमारास तिथे घाट बांधण्याचे काम केले. खराटा हाती घेऊन ते आधी गाव झाडत आणि रात्री कीर्तन करीत.

१९/
त्यांनी उभारलेल्या धर्मशाळा, अन्नछत्रे आणि त्यांच्या कीर्तनांतील सततचा आग्रह एकाच दिशेचा होता : तहानलेल्याला पाणी, भुकेलेल्याला अन्न, आणि देताना जात विचारायची नाही. गोड पाण्याची टंचाई असलेल्या मुलुखात ‘तहानलेल्याला पाणी’ या शब्दांचे वजन निराळे होते. २० डिसेंबर १९५६ रोजी अमरावतीकडे नेले जात असताना वलगावजवळ पेढी नदीच्या पुलावर त्यांचे देहावसान झाले. बाबासाहेबांच्या महापरिनिर्वाणाला तेव्हा अवघे चौदा दिवस झाले होते. वलगावच्या पेढीकाठी आज त्यांची निर्वाणभूमी आहे.

२०/
स्वातंत्र्याच्या उंबरठ्यावर मीठकर गेला; खारे पाणी राहिले. उपाय डोंगराकडून आला. सातपुड्याच्या पायथ्याशी अडवलेले पावसाचे पाणी नळाने खाली खारपाणपट्ट्यात आणण्याच्या योजना झाल्या. अमरावतीत शहानूर धरण, तर अकोल्यात वान धरणावरची ८४ खेडी योजना ही त्यांतली परिचित नावे. ‘८४ खेडी’ हे योजनेचे नाव तिथे आता पाण्याचेच नाव झाले आहे. नळ बंद पडला की मात्र गाव पुन्हा जुन्या विहिरीकडे वळते.

२१/
शेतीसाठीचा मार्ग आकाशाकडे पाहणारा आहे. पडलेले गोड पाणी शेततळ्यात साठवायचे, त्यावर एखादे संरक्षित पाणी द्यायचे, आणि भूगर्भातले खारे पाणी वर आणायचे नाही. २०१८ पासून राबवल्या गेलेल्या नानाजी देशमुख कृषी संजीवनी प्रकल्पात दुष्काळी गावांसोबत पूर्णा खोऱ्यातील सुमारे ९०० खारपाण गावांचाही समावेश झाला. गावाच्या बोलीतले विशेषण अशा रीतीने सरकारी पात्रतेचा निकष बनले.

२२/
आयुर्वेदातला दाह, स्वयंपाकघरातली रुची, खाडीची भरती, चोपण झालेले रान, कायद्याने बंद झालेली मिठाची कढई, दहीहंड्याचा सत्याग्रह आणि शासकीय यादीतले गाव : एवढे सारे ‘खारा’ या दोन अक्षरांत सामावले आहे. शब्दकोश यातले पहिले काही अर्थ देतो. उरलेले अर्थ पेढी आणि पूर्णेच्या संगमाकडच्या गावांत सापडतात, जिथे पाहुण्याच्या हाती पाण्याचा तांब्या देताना यजमान आजही आधी सांगतो की पाणी गोड आहे.