अल्पप्रवासी स्थानके (नागपूर परिसर)

ज्या स्थानकावरून गाड्या पुष्कळ जातात, पण चढणारे-उतरणारे मोजकेच असतात, ते अल्पप्रवासी स्थानक. रेल्वेच्या वर्गवारीत वर्षाला एक लाखापर्यंत प्रवासी असलेले थांबे ‘एचजी-3’ या शेवटच्या पायरीवर येतात. तिथे बहुधा स्टेशनमास्तर नसतो. कमिशनवर नेमलेला एजंट तिकिटे विकतो.

वस्ती विरळ म्हणून स्थानक ओस, हे उत्तर नेहमी खरे नसते. उत्तर नागपुरातले जरीपटका पाहा. फाळणीनंतर आलेल्या सिंधी कुटुंबांमुळे वाढलेला हा भाग दुकानांनी गजबजलेला आहे. नागपूर–इटारसी लोहमार्ग इतका लगत, की जवळच्या एका ठिकाणाला लोक ‘इटारसी पुलिया’च म्हणतात. तरी जरीपटका नावाचे स्थानक नाही. इटारसीकडे जाताना नागपूरनंतर येते ते गोधनी. शहराच्या मध्यभागी, सीताबर्डीला निघालेला माणूस आधी उलट गोधनीला कशाला जाईल? लांबच्या प्रवासालाही नागपूर जंक्शनच गाठावे लागते, कारण मेल-एक्स्प्रेस गोधनीला न थांबता निघून जातात.

थांबे वगळले, तर मुळात अशी कित्येक स्थानके माणसांपेक्षा गाड्यांच्या सोयीसाठी बांधलेली असतात. पॅसेंजर लूपवर घ्यायची, सिग्नल द्यायचा, मागची मेल पुढे काढायची. मेल धडधडत जाते, फलाटावरचा पालापाचोळा उडतो आणि पॅसेंजरमधली मंडळी घड्याळ बघत बसतात. नोकरीवर वेळेत पोहोचायचे असलेला माणूस दोन-चार दिवसांत हा नाद सोडतो आणि ‘आपली बस’ ही शहरबस किंवा शेअर ऑटो धरतो. नागपूरला मुंबईसारखी लोकल नाही, हे इथे विसरून चालत नाही. त्यात करोनाकाळात पॅसेंजरचे किमान भाडे 10 रुपयांवरून 30 रुपये झाले. ते पूर्ववत व्हायला फेब्रुवारी 2024 उजाडला. तोवर सुटलेली सवय नुसत्या स्वस्त तिकिटाने परत येत नाही.

जरीपटक्याजवळच्या मोतीबागेची गोष्ट निराळी. तिथे प्रवासी घटण्याआधी गाडीच गेली. अडीच फुटी नॅरोगेजचा जमाना सरला. तिची इंजिने आणि डबे आता मोतीबागेच्या रेल्वे संग्रहालयात तिकीट काढून बघावे लागतात.

11 डिसेंबर 2022 रोजी कामठी रोडवरून ऑटोमोटिव्ह चौकापर्यंत मेट्रो सुरू झाली. तेव्हापासून जरीपटकेकरांना सर्वांत सोयीचे स्थानक इंदोरा चौकाचे. तिथून गाडी थेट सीताबर्डीला जाते.