ग्रीनवूडचं ऑस्कर कुठे अडलं?

रेडिओहेडचा गिटारवादक जॉनी ग्रीनवूड तुम्ही ऐकला असेलच. २००३ च्या 'बॉडीसाँग'पासून तो चित्रपटांना संगीत देतोय. पण आपल्या कामाची गोष्ट २००७ ची. 'देअर विल बी ब्लड'मध्ये त्याने स्वतःच्याच 'पॉपकॉर्न सुपरहेट रिसीव्हर' या रचनेतले भाग वापरले. बीबीसी कॉन्सर्ट ऑर्केस्ट्राने ती २००५ मध्येच वाजवली होती. तंतुवाद्यांचे सूर एकमेकांना खेटून घसरतात, रेडिओच्या खरखरीसारखे. तेलविहिरींच्या ओसाड माळावर ते अक्षरशः अंगावर येतात. पण आधीचं संगीत मिसळलंय म्हणून ऑस्करच्या स्पर्धेतून बाद! एमएस्सीच्या प्रबंधातली आकृती पीएचडीत घालताना आपलीही हीच पंचाईत होते, नाही का? मला विचाराल तर नियम जरा कोताच. ऑस्करचं पहिलं नामांकन त्याला थेट २०१८ मध्ये मिळालं, 'फँटम थ्रेड'साठी.