व्यक्तिनामे, वर्धा जिल्ह्यातील

वर्धा जिल्ह्यात पाळण्यातल्या नावापेक्षा मागून लागलेले नाव रुळल्याची ठळक उदाहरणे आहेत. विनायक नरहर भावे १९१६ मध्ये गांधीजींकडे आले. तेथे ते ‘विनोबा’ झाले. ज्ञानोबा, तुकोबा, विठोबा या मराठी संतपरंपरेतला ‘बा’ असा एका तरुणाच्या नावाला जोडला गेला, ही गंमत नोंदण्यासारखी. त्यांचे एक धाकटे बंधूही पुढे बाळकोबा म्हणूनच ओळखले गेले. विनोबा १९२१ मध्ये वर्ध्यास आले व पवनारचेच झाले.

ब्रिटिश नौदलाधिकाऱ्याची कन्या मॅडलीन स्लेड १९२५ मध्ये साबरमतीस आली आणि मेवाडच्या मीराबाईवरून मीराबेन झाली. मॅडलीन हे नाव गॅलिलीतील मॅग्डाला गावची मरिया हिच्याकडे जाते. म्हणजे एका भक्त स्त्रीचे नाव सुटून दुसरीचे लागले. गांधीजींच्या आधीच मीराबेन वर्ध्याजवळच्या शेगावात राहायला गेल्या होत्या. बुलढाण्याच्या शेगावशी टपालाचा घोळ होई, म्हणून १९४० मध्ये वर्ध्याजवळच्या या गावाचेही ‘सेवाग्राम’ असे बारसे झाले.

हिंगणघाटला १९१४ मध्ये जन्मलेल्या मुरलीधर देवीदास आमटे यांचे ‘बाबा’ हे बिरुद नव्हे, ते घरचे लाडाचे नाव.

गावोगावच्या रिवाजात मूल जगावे म्हणून दगडू, धोंडू अशी ओबडधोबड नावे ठेवीत. १९५६ च्या नागपूरच्या धम्मदीक्षेनंतर विदर्भातील बौद्ध घरांत सिद्धार्थ, राहुल, गौतम, सुजाता ही नावे मोठ्या प्रमाणावर आली.