'श्रीपुंडलीक' चलच्चित्र व मालवणचे रामचंद्र गोपाळ तोरणे

हिंदुस्थानांतील पहिलें कथाचित्र कोणतें, या प्रश्नास दादासाहेब फाळके यांचें 'राजा हरिश्चंद्र' असें उत्तर सामान्यतः देण्यांत येतें. तें चित्र ता. ३ मे १९१३ रोजीं मुंबईस गिरगांवांतील कोरोनेशन सिनेमाटोग्राफ या गृहांत लोकांपुढें आलें. परंतु त्याच गृहांत त्यापूर्वीं जवळजवळ एक वर्ष, ता. १८ मे १९१२ रोजीं, 'श्रीपुंडलीक' नांवाचें एक लहान चित्र दाखविण्यांत आलें होतें. त्याचे प्रमुख कर्ते रामचंद्र गोपाळ तथा दादासाहेब तोरणे हे मालवणचे. या दोन चित्रांपैकीं अग्रमान कोणाचा, हा वाद आजतागायत मिटलेला नाहीं. सन २०१३ मध्यें चित्रपटाच्या शताब्दीचा समारंभ झाला, तेव्हां हें प्रकरण मुंबईच्या उच्च न्यायालयापर्यंत गेलें. वादाचा निकाल कोर्टांत कसाहि लागो. इतिहासांत तो साधनांवरूनच लागला पाहिजे. तीं साधनें काय सांगतात, हें पाहण्याचा येथें हेतु आहे.

तोरणे यांचा जन्म ता. १३ एप्रिल १८९० चा. पितृछत्र लहानपणींच हरपलें, आणि कोंकणांतील अनेक कुटुंबांप्रमाणें त्यांनाहि मुंबईचा रस्ता धरावा लागला. शिक्षण फारसें झालें नाहीं. ग्रीव्ह्ज कॉटन कंपनीच्या विजेच्या खात्यांत त्यांस नोकरी मिळाली. यंत्रांशीं हा जो संबंध आला, तो जन्मभर सुटला नाहीं. दुसरी ओढ नाटकाची. श्रीपाद संगीत मंडळीच्या परिचयांतून रामराव कीर्तिकर यांचें 'श्रीपुंडलीक' नाटक त्यांच्यासमोर आलें. आणि नानासाहेब चित्रे व टिपणीस यांच्या साह्यानें तें फितीवर उतरविण्याचा उद्योग मुंबईच्या मंगळदासवाडींत पार पडला. त्या वेळीं तोरणे अवघे बावीस वर्षांचे होते.

हें चित्र सुमारें १५०० फूट लांबीचें, म्हणजे पडद्यावर सुमारें २२ मिनिटांचें होतें. ज्यांनीं रात्रभर चालणारीं संगीत नाटकें पाहिलीं किंवा त्यांचीं वर्णनें वाचलीं आहेत, त्यांस या आंकड्याचा अर्थ चटकन् कळेल. चित्र मुकें. मराठी रंगभूमीवरील नटाचें मुख्य धन जें गाणें, तें येथें सर्वस्वी बाजूस राहिलें. नटाला आई-बापांची सेवा, विटेवर उभा राहिलेला विठ्ठल व भक्ताचा भाव हें सर्व केवळ हातवाऱ्यांनीं व मुद्रेनें दाखवावयाचें होतें. कथा पंढरपूरची, घरोघर ठाऊक असलेली. म्हणूनच शब्दांवांचून ती प्रेक्षकांस समजली. पोरापासून थोरापर्यंत सर्वांस आधींच पाठ असलेला विषय निवडण्यांत चित्रकर्त्यांचें शहाणपण दिसून येतें. पुढें फाळके यांनींहि हरिश्चंद्राचें आख्यान निवडलें, त्याचें बीज याच विचारांत आहे.

आतां पुराव्याचा विचार करूं. चित्राची प्रत आज उपलब्ध नाहीं. मूळ पोथी नष्ट व्हावी आणि केवळ दुसऱ्या ग्रंथांतील उल्लेखावरून तिचें अस्तित्व ठरवावें, असा प्रसंग आपल्या शास्त्रांत नवा नाहीं. येथें तो उल्लेख समकालीन व दिनांकयुक्त आहे. 'टाइम्स ऑफ इंडिया' पत्राच्या ता. २५ मे १९१२ च्या अंकांत या चित्राची जाहिरात आहे. मुंबईच्या निम्म्या हिंदु वस्तीनें तें पाहिलें, आतां उरलेल्यांनीं यावें, असा तिचा आशय. जाहिरातदाराची अतिशयोक्ति वजा केली तरी चित्र झालें, दाखविलें व चाललें, इतकें निर्विवाद ठरतें. उलट, प्रथम कॅमेरा एकाच जागीं ठेवून चित्रण केलें, तें न रुचल्यामुळें पुढें निरनिराळे तुकडे घेऊन जोडले, ही हकीकत तोरणे यांच्या चरित्रांतून आली आहे. ती असंभाव्य नाहीं. परंतु जाहिरातीच्या तोडीची ती मानतां येणार नाहीं. बखर आणि अस्सल पत्र यांतील भेद येथेंहि पाळला पाहिजे.

'राजा हरिश्चंद्रा'ची स्थिति तरी फार निराळी आहे असें नाहीं. त्याच्या ज्या पहिल्या व शेवटल्या भागांची फीत पुण्याच्या राष्ट्रीय संग्रहालयांत जपून ठेविली गेली, ती १९१३ ची नसून फाळके यांनीं १९१७ मध्यें नव्यानें केलेल्या चित्राची असावी, असें कांहीं संशोधकांचें मत आहे. म्हणजे एका ग्रंथाची प्रत नाहीं, आणि दुसऱ्याची जी आहे तिच्या काळाविषयीं मतभेद आहे.

तोरणे यांच्याविरुद्ध तीन आक्षेप घेतले जातात: हें मूळ नाटकाचेंच चित्रण होतें, चित्र घेणारा जॉन्सन इंग्रज होता, आणि फीत लंडनास धुतली गेली. यांपैकीं पहिला आक्षेप टिकत नाहीं. फ्रान्समध्यें १९०८ सालीं रंगभूमीवरील नटांस घेऊन 'ड्यूक द गीज'च्या वधाचें चित्र निघालें. सारा बर्नहार्ट हिनें नाटकांत केलेली राणी एलिझाबेथची भूमिका १९१२ मध्येंच पडद्यावर आली व अमेरिकेंत गाजली. या चित्रांस कोणी इतिहासांतून वगळीत नाहीं. उरलेले दोन आक्षेप मात्र खरे आहेत. फाळके स्वतः लंडनास जाऊन विद्या शिकले, त्यांचा कॅमेरा त्र्यंबक तेलंग यांनीं चालविला, आणि फीत दादरच्या घरींच धुतली गेली. सर्व कारखाना एका घरांत उभा करणें हें त्यांचें यश होय.

म्हणून निर्णय असा करावा लागतो कीं, प्रश्न एक नसून दोन आहेत. एतद्देशीयांनीं योजून, एतद्देशीय नटांकडून वठवून लोकांस दाखविलेलें पहिलें कथाचित्र 'श्रीपुंडलीक'. आणि आरंभापासून अखेरपर्यंत एतद्देशीय हातांनीं झालेलें पहिलें कथाचित्र 'राजा हरिश्चंद्र'. एकाचा मान दुसऱ्याच्या पदरांतून हिसकावून घेण्याचें कारण नाहीं.

तोरणे यांचें पुढील चरित्र या निर्णयास पोषक आहे. नोकरीच्या बदलीनें ते कराचीस गेले. तेथें बाबूराव पै यांच्या सहवासांत परदेशी चित्रांच्या वितरणाचा धंदा त्यांनीं केला. त्यांच्या मूव्ही कॅमेरा कंपनीनें बोलपटाच्या आरंभकाळीं ध्वनिलेखनाचीं यंत्रें पुरविलीं. पुण्यास त्यांनीं सरस्वती सिनेटोन ही संस्था काढली. तिचें १९३२ चें 'श्यामसुंदर' मुंबईस पंचवीस आठवड्यांहून अधिक चाललें, व शाहू मोडक आणि शांता आपटे हीं दोघें त्यांतून पुढें आलीं. १९१२ सालीं ज्यानें गाण्याच्या नाटकाचें मुकें चित्र घेतलें, त्यानेंच वीस वर्षांनीं गाणें पडद्यावर परत आणलें. ता. १९ जानेवारी १९६० रोजीं त्यांचें देहावसान झालें.

संग्राहकांस एक विनंति. नाटक मंडळ्यांचीं हस्तपत्रकें, जमाखर्चाच्या वह्या व नाट्यगृहांचे छापील कार्यक्रम आपण दप्तरांतील रद्दी समजून बाजूस टाकतों. मालवण, वेंगुर्ले, सावंतवाडी या बाजूच्या घरांतून असे कागद निघाल्यास ते जपावे. ज्या चित्राची फीत गेली, त्याचें आयुष्य आतां अशा कागदांवरच अवलंबून आहे.