अलाबामा नावाची आगबोट

आमच्या वर्गात दरवर्षी एखादा तरी विद्यार्थी एक प्रश्न विचारतोच. "सर, गावात मारामारी झाली तर फौजदार येतो. एका राष्ट्राने दुसऱ्या राष्ट्रावर अन्याय केला, तर तिथे फौजदार कोण?" प्रश्न साधा आहे, पण भल्याभल्यांना त्याचे उत्तर चटकन देता येत नाही. राष्ट्रांवर फौजदार नाही, हे खरेच. मग आंतरराष्ट्रीय कायदा म्हणजे नुसता कागदच समजायचा काय? या प्रश्नाला मी व्याख्या सांगत बसत नाही. एका आगबोटीची गोष्ट सांगतो. तीच आज तुम्हांला सांगणार आहे.

१८६१ साली अमेरिकेत यादवी युद्ध पेटले. दक्षिणेकडील राज्ये गुलामगिरी टिकवण्यासाठी संघराज्यातून फुटून निघाली आणि राष्ट्राध्यक्ष लिंकन यांनी ती फूट मान्य करण्याचे नाकारले. उत्तरेच्या आरमाराने दक्षिणेची बंदरे अडवली. तिकडचा कापूस बाहेर पडेना. इंग्लंडातील लँकेशायरच्या गिरण्यांना लागणाऱ्या कापसापैकी तीन-चतुर्थांशाहून अधिक कापूस तिथूनच येत असे. गिरण्यांची धुराडी थंड पडू लागली, तशी इंग्रज व्यापाऱ्यांची नजर आपल्याकडे वळली. खानदेश-वऱ्हाडच्या कापसाला कधी नव्हे असा भाव आला. मुंबईत पैशाचा पूर लोटला. पण १८६५ साली युद्ध संपले आणि तो पूर एकदम ओसरला. पेढ्या बुडाल्या, शेअरांचे कागद रद्दी झाले, सावकारांनी हात आखडता घेतला. पुढे १८७५ साली पुणे व नगर जिल्ह्यांत शेतकऱ्यांनी सावकारांचे कर्जरोखे जाळले. त्या दंग्यांची चौकशी झाली, तेव्हा या तेजी-मंदीचाही उल्लेख कारणांमध्ये झाला. सांगायचे एवढेच, की हे युद्ध सातासमुद्रापलीकडचे असले, तरी त्याची झळ आपल्या बांधापर्यंत आली होती.

आता त्या आगबोटीकडे वळू. इंग्लंडने या युद्धात आपण तटस्थ असल्याचे जाहीर केले होते. तटस्थ म्हणजे काय? समजा, दोन भाऊबंदांचे भांडण जुंपले आहे आणि शेजारी म्हणतो, "मी कुणाच्याच बाजूचा नाही." फार चांगले. पण त्याच शेजाऱ्याच्या लोहारशाळेत एका भावासाठी रात्रीतून कुऱ्हाड घडवली जात असेल, तर? तसेच इथे झाले. लिव्हरपूलसमोर बर्कनहेड येथे लेअर्ड यांच्या गोदीत एक जहाज बांधले जात होते. त्याला धड नावही नव्हते; त्याचा नंबर होता २९०. ते दक्षिणेसाठी आहे, हे लिव्हरपूलमध्ये सर्वांना ठाऊक होते. परंतु १८१९ चा इंग्रजी कायदा असा होता, की लढाऊ सामान चढवून जहाज सज्ज करणे गुन्हा. नुसते जहाज बांधणे गुन्हा की काय, याबद्दल वाद. मग युक्ती निघाली. जहाज इथे बांधायचे आणि तोफा दुसऱ्या जहाजातून पाठवून भरसमुद्रात चढवायच्या.

अमेरिकेचे लंडनमधील वकील चार्ल्स फ्रान्सिस ॲडम्स यांनी इंग्रज परराष्ट्रमंत्री लॉर्ड रसेल यांच्याकडे पुराव्यांचा ढीग पाठवला. साक्षीदारांची प्रतिज्ञापत्रे पाठवली, एका नामांकित इंग्रज कायदेपंडिताचे मतही जोडले. सरकारने ते कागद सल्ल्यासाठी आपल्या विधी-अधिकाऱ्याकडे धाडले. तो बिचारा आजारी होता आणि कागद त्याच्या घरी कित्येक दिवस तसेच पडून राहिले. अखेरीस जहाज अडवावे असा सल्ला मिळाला, तो १८६२ च्या जुलैच्या २९ तारखेला. त्याच दिवशी २९० नंबरचे जहाज चाचणीच्या निमित्ताने बंदराबाहेर पडले. संशय येऊ नये म्हणून डेकवर पाहुणेमंडळी घेतली होती. दिवस सरला, पाहुण्यांना दुसऱ्या बोटीने परत पाठवले आणि जहाज पसार झाले. अझोर्स बेटांजवळ त्यावर तोफा चढल्या, निशाण चढले, आणि त्याचे नाव ठेवले अलाबामा.

पुढली जवळजवळ दोन वर्षे या जहाजाने उत्तरेच्या व्यापाराचा धुव्वा उडवला. साठांहून अधिक व्यापारी जहाजे त्याने पकडली आणि बहुतेक जाळली. आधी माणसे उतरवून घ्यायची, मग जहाजाला आग लावायची, असा त्याच्या कप्तानाचा क्रम होता. अटलांटिक झाला, हिंदी महासागर झाला, सिंगापूरपर्यंत ते जाऊन आले. शेवटी १८६४ च्या जूनमध्ये फ्रान्सच्या शेरबूर्ग बंदराबाहेर उत्तरेच्या किअरसार्ज या युद्धनौकेने ते बुडवले. तोवर धास्तावलेल्या अमेरिकन मालकांनी आपली शेकडो जहाजे परक्या निशाणाखाली नेली होती.

इथपर्यंतची कथा कुठल्याही राजवटीत घडली असती. आता लोकशाहीचा भाग येतो, आणि मी आधीच सांगून ठेवतो, की तो सगळाच गोड नाही. १८६३ च्या मार्चमध्ये पार्लमेंटात या जहाजावरून वाद झाला. जॉन लेअर्ड हे स्वतःच सभासद होते. त्यांनी आपल्या घराण्याच्या गोदीचे उघड समर्थन केले आणि सभागृहाने टाळ्या पिटल्या! त्याआधी ग्लॅडस्टनसारख्या मंत्र्याने भरसभेत दक्षिणेच्या पुढाऱ्यांनी एक राष्ट्र घडवले असल्याची ग्वाही दिली होती. लोकांचे प्रतिनिधी निवडून आले म्हणजे ते न्यायानेच बोलतात, असे नाही.

परंतु त्याच देशात दुसराही आवाज होता. १८६२ च्या शेवटच्या दिवशी मँचेस्टरमध्ये सभा भरली. कापूस नाही म्हणून काम नाही आणि काम नाही म्हणून घरात चूल नाही, अशी त्या भागातल्या कामगारांची अवस्था होती. तरीही गुलामगिरीविरुद्धच्या लढ्याला पाठिंबा देणारे पत्र त्या सभेने लिंकनना पाठवले. सगळे लँकेशायर एकमताचे होते असे नव्हे. पण त्या पत्राला लिंकननी आदराने उत्तर दिले आणि पुढे अमेरिकेहून पिठाची पिंपे भरलेले जहाज त्या उपाशी कामगारांसाठी आले. यांतल्या बहुतेक कामगारांना त्या वेळी मताचा अधिकारही नव्हता. शहरी कामगारांपैकी बऱ्याच जणांना तो मिळाला १८६७ च्या कायद्याने.

युद्ध संपल्यावर अमेरिकेने भरपाई मागितली. लॉर्ड रसेल यांनी १८६५ साली साफ सांगितले, की हा आमच्या राष्ट्राच्या इभ्रतीचा प्रश्न आहे, लवाद नको. अमेरिकेतही लोक चढाला पेटले होते. १८६९ साली तडजोडीचा एक करार झाला, तो अमेरिकन सेनेटने ५४ विरुद्ध १ मतांनी फेटाळला. सेनेटर समनर यांनी तर युद्ध लांबल्याचा खर्चही इंग्लंडच्या माथी मारला आणि आकडा २०० कोटी डॉलरांच्या घरात नेला. दोन्हीकडे वर्तमानपत्रे आगीत तेल ओतत होती.

तरीही युद्ध झाले नाही. का? एक कारण सरळ स्वार्थाचे आहे. इंग्लंडची सारी संपत्ती समुद्रावर होती. उद्या आपले रशियाशी युद्ध जुंपले आणि अमेरिकेच्या गोदीतून अशाच अलाबामा आपल्यावर सुटल्या तर, हा विचार इंग्रज मुत्सद्द्यांना झोपू देईना. पण दुसरे कारण राज्यपद्धतीचे आहे. १८६८ साली नव्या मतदारसंघावर निवडणूक झाली आणि ग्लॅडस्टन पंतप्रधान झाले. होय, तेच ग्लॅडस्टन! राजा आपली चूक कबूल करील तर सिंहासन डळमळते. लोकशाहीत मंत्रिमंडळ बदलते. मागल्या मंडळींनी केलेली चूक नवी मंडळी दुरुस्त करू शकतात, आणि एखाद्या मंत्र्याला स्वतःचे मतही बदलता येते. १८७० साली पार्लमेंटाने कायदा दुरुस्त करून जहाजबांधणीची ती पळवाट बुजवली. १८७१ च्या मे महिन्यात वॉशिंग्टनचा तह झाला आणि प्रकरण पाच पंचांपुढे ठेवायचे ठरले. इंग्लंडचा एक, अमेरिकेचा एक, आणि इटली, स्वित्झर्लंड व ब्राझील यांचा प्रत्येकी एक.

पंच जिनीव्हाच्या नगरभवनात बसले. १८६४ साली युद्धातील जखमी सैनिकांच्या शुश्रूषेचा पहिला जिनीव्हा करार ज्या दालनात झाला होता, तेच हे दालन. अफाट रकमेच्या अप्रत्यक्ष मागण्या आपल्या कक्षेत येत नाहीत, असे पंचांनी आधीच सांगून टाकले, म्हणून लवाद मोडता मोडता वाचला. इंग्लंडचा एक बचाव मात्र फार ध्यानात ठेवण्याजोगा होता. "आमच्या देशाच्या कायद्याने आम्हांला जहाज अडवण्याचा पुरेसा अधिकारच नव्हता, मग आम्ही काय करणार?" पंचांनी हा बचाव मानला नाही. तुमचा कायदा अपुरा होता ही तुमची अडचण. दुसऱ्या राष्ट्राने तिचा भुर्दंड का सोसावा? हे तत्त्व पुढे जगाने उचलले आणि १९६९ च्या व्हिएन्ना करारात ते तहांसंबंधीचा स्पष्ट नियम म्हणून आले. तटस्थ राष्ट्राने आपल्या बंदरांत दक्षता बाळगावी, हा नियमही १९०७ च्या हेग परिषदेने आपल्या करारात घेतला.

१४ सप्टेंबर १८७२ रोजी निकाल लागला. इंग्लंडने १ कोटी ५५ लक्ष डॉलर सोन्यात द्यावेत. इंग्रज पंचाने निकालपत्रावर सही केली नाही, लांबलचक विरोधी मत लिहिले. पण अलाबामापुरता इंग्लंडचा दोष त्यालाही नाकारता आला नाही. जगातल्या सर्वांत मोठ्या आरमाराचा धनी असलेल्या देशाने पुढल्या वर्षी ती रक्कम चुकती केली.

म्हणजे लोकशाही आली की युद्ध गेले काय? नाही, श्रोतेहो. इतके सोपे असते, तर काय हवे होते! जे पार्लमेंट अमेरिकेला भरपाई देत होते, त्याच पार्लमेंटाच्या सत्तेखाली आपला शेतकरी होता, आणि त्याची बाजू मांडायला तिथे त्याने निवडलेला एकही माणूस नव्हता. पुढे १९८६ साली आंतरराष्ट्रीय न्यायालयाने निकाराग्वाच्या दाव्यात अमेरिकेविरुद्ध निकाल दिला. तेव्हा, लवादाचा आग्रह १८७२ साली धरणाऱ्या त्याच अमेरिकेने तो मानला नाही. लोकशाही राष्ट्रही बळाच्या तोऱ्यात येते.

फरक आहे तो असा. जिथे सभा भरते, वर्तमानपत्र निघते आणि सरकार बदलता येते, तिथे गोदीतल्या नंबर २९० चा बोभाटा होतो. आज टाळ्या पडल्या, तरी दहा वर्षांनी हिशेब मागता येतो. माझ्या विद्यार्थ्याच्या प्रश्नाला माझे उत्तर एवढेच आहे. राष्ट्रांवर फौजदार नाही. पण राष्ट्राच्या आत मतदार आहे. तो जागा असला, तर पंचांचा निकाल आपल्याच सरकारच्या गळी उतरवू शकतो. तो झोपला, तर जिनीव्हाचे ते दालनही पाहण्यापुरतेच उरेल. शिक्षकबंधूंनो आणि भगिनींनो, इतिहासाच्या तासाला यादवी युद्धातील लढायांच्या तारखा पाठ करून घ्याच. पण त्यांच्या शेजारी १८७२ सालची ही एक तारीखही फळ्यावर लिहा. त्या दिवशी तोफ उडाली नाही, म्हणूनच ती विसरली जाते.