नाक, फूटपट्टी आणि जात

मराठी भाषेने नाकावर बऱ्याच जबाबदाऱ्या टाकल्या आहेत. अब्रू गेली की नाक कापले जाते, सरळमार्गी माणूस नाकासमोर चालतो, न आवडलेल्या गोष्टीला आपण नाक मुरडतो आणि लग्नाच्या बैठकीत मुलगी नाकीडोळी नीटस आहे ना, याची चौकशी होते. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस या अवयवावर आणखी एक काम येऊन पडले. माणसाचा वंश कोणता आणि समाजाच्या उतरंडीत त्याच्या जातीची पायरी कोणती, हे त्याने सांगावे अशी अपेक्षा सुरू झाली. हे काम विज्ञानाच्या नावाने सोपवले गेले, म्हणून विज्ञान शिकवणाऱ्यांनी त्याची हकीकत जाणून घ्यायला हवी.

हर्बर्ट होप रिस्ले हे बंगालमध्ये नेमलेले इंग्रज सनदी अधिकारी. १८८५ मध्ये त्यांच्याकडे बंगालमधील जातीजमातींच्या पाहणीचे काम आले. लोकांकडून रीतिरिवाजांची माहिती गोळा करून त्यांचे समाधान होईना. सांगोवांगीची माहिती फसवी असू शकते, पण हाडे खोटे बोलत नाहीत, असा त्या काळच्या युरोपीय मानवशास्त्राचा विश्वास होता. फ्रेंच शास्त्रज्ञ पॉल तोपिनार यांच्या पद्धतीला अनुसरून उत्तर भारतातील सुमारे ६००० माणसांची डोकी, नाके आणि उंची मोजली गेली. ही मापे १८९१ मध्ये प्रसिद्ध झाली.

यातील सर्वांत गाजलेले माप म्हणजे नासिका निर्देशांक. तो काढणे अगदी सोपे आहे. नाकाच्या रुंदीला उंचीने भागायचे आणि १०० ने गुणायचे. नाक ५० मिलिमीटर उंच आणि ३५ मिलिमीटर रुंद असेल तर निर्देशांक ७०. रुंदी ४० मिलिमीटर असेल तर ८०. निर्देशांक ७० पेक्षा कमी असला की नाक अरुंद, ७० ते ८५ असला की मध्यम आणि ८५ च्या वर गेला की रुंद, असे तीन वर्ग केले होते.

प्रत्येक जातीची सरासरी काढून रिस्ले यांनी एक मोठे विधान केले. जातीच्या नाकाची सरासरी रुंदी जसजशी वाढते, तसतशी तिची सामाजिक पायरी खाली जाते, असे ते विधान. त्यातून त्यांनी इतिहासही रचला. अरुंद नाकाचे आर्य बाहेरून आले, त्यांनी रुंद नाकाच्या लोकांना जिंकले आणि रक्त मिसळू नये म्हणून जातींची कुंपणे घातली, अशी ती मांडणी. पुढे १९०१ च्या जनगणनेचे प्रमुखपद त्यांच्याकडे आले. त्या जनगणनेत जातींना स्थानिक लोकमतानुसार सामाजिक प्रतिष्ठेच्या क्रमाने लावण्याचा प्रयत्न झाला आणि वरची पायरी मिळावी म्हणून अनेक जातींनी सरकारकडे अर्ज धाडले. रिस्ले यांच्या वंशांच्या यादीत आपल्याकडील मराठी ब्राह्मण आणि कुणबी मात्र एकाच खान्यात बसले होते. शक आणि द्रविड यांच्या मिश्रणातून ते झाले, असे त्यांचे म्हणणे होते. पुढच्या अभ्यासकांनी ही कल्पना टिकू दिली नाही.

आता हे विधान आपण विज्ञानाच्या नेहमीच्या कसोट्यांवर घासून पाहू.

पहिला प्रश्न, मोजमाप आणि हिशेब बरोबर होते का? नाकाचे मूळ नेमके कुठे धरायचे, यात एका मिलिमीटरचा फरक पडला तरी निर्देशांक हलतो. वरच्या उदाहरणात उंची ५० ऐवजी ४९ धरली तर ७० चे ७१.४ होतात. तीनचार एककांच्या फरकावर जातींची शिडी उभारायची असेल, तर ही चूक लहान नाही. संख्याशास्त्रज्ञ प्रशांतचंद्र महालनोबिस यांनी १९३३ मध्ये रिस्ले यांच्या बंगालमधील आकड्यांची फेरतपासणी प्रसिद्ध केली. दोन मानवसमूह एकमेकांपासून किती दूर आहेत हे एका मापाने ठरत नाही, अनेक मापे आणि त्यांचे परस्परसंबंध एकत्र धरावे लागतात, हे त्यांनी दाखवले. १९३६ मध्ये त्यांनी मांडलेले ‘महालनोबिस अंतर’ आज जगभर वापरले जाते. त्याची सुरुवात माणसांच्या शरीरमापांतूनच झाली होती.

दुसरा प्रश्न, नियम सगळीकडे लागू पडतो का? मालवणात जन्मलेले आणि मुंबई विद्यापीठात समाजशास्त्र शिकवणारे गोविंद सदाशिव घुर्ये यांनी १९३२ च्या आपल्या ग्रंथात उपलब्ध मापे प्रदेशवार मांडली. उत्तरेतील हिंदुस्थानी पट्ट्यात क्रम थोडाफार जुळला. त्याबाहेरच्या भाषिक प्रदेशांत नाकाचा क्रम आणि जातीचा क्रम यांचा मेळ बसेना.

तिसरा प्रश्न, तुलना कुणाची कुणाशी करायची? हा प्रश्न डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी विचारला. पंजाबातला ब्राह्मण आणि मद्रासचा ब्राह्मण यांचा वंश एक मानायचा, आणि पंजाबातला ब्राह्मण व त्याच्याच शेजारचा चांभार यांचा वेगळा, याला आधार काय, असे त्यांनी १९३६ मध्येच विचारले होते. १९४८ च्या अस्पृश्यांविषयीच्या ग्रंथात त्यांनी घुर्ये यांनी दिलेले आकडेच पुढे ठेवले. एकाच प्रांतातील ब्राह्मण आणि अस्पृश्य यांची मापे शेजारी लावली आणि निष्कर्ष काढला, की हे शास्त्र विश्वासार्ह मानले तर दोघे एकाच वंशाचे ठरतात. अस्पृश्यतेचे मूळ शरीरात नाही, ते समाजाच्या इतिहासात शोधले पाहिजे. प्रतिपक्षाचीच फूटपट्टी हातात घेऊन केलेला हा युक्तिवाद उच्च माध्यमिक वर्गात तर्काचा नमुना म्हणून अवश्य वाचावा असा आहे.

याच काळातली आणखी एक संशोधक म्हणजे इरावती कर्वे. १९२० च्या दशकाच्या अखेरीस त्या बर्लिनला ऑयगेन फिशर यांच्या हाताखाली मानवी कवट्यांची विषमता अभ्यासत होत्या. कवटीची डावीउजवी बाजू किती असमान आहे यावरून वंश ओळखता येईल, अशी त्यांच्या गुरूंची अपेक्षा होती. इरावतीबाईंच्या मापांत तसा संबंध दिसला नाही आणि त्यांनी तसेच लिहिले. पुढे पुण्याच्या डेक्कन कॉलेजात त्यांनी महाराष्ट्रभर मापे घेतली. १९६८ मध्ये कैलाश मल्होत्रा यांच्यासह त्यांनी महाराष्ट्रातील ब्राह्मणांच्या आपापसांतच लग्ने करणाऱ्या आठ गटांची तुलना केली. सामाजिक पायरी एकच, तरी शरीराने हे गट एकसारखे नव्हते. म्हणजे पायरी आणि शरीर यांची सांगड याही बाजूने सुटली.

मग नाके वेगवेगळी का असतात? नाक हे श्वासाची हवा गरम आणि दमट करणारे यंत्र आहे. थंड, कोरड्या प्रदेशांत अरुंद नाके आणि उष्ण, दमट प्रदेशांत रुंद नाके जास्त आढळतात, हे थॉमसन आणि बक्स्टन यांनी १९२३ मध्ये दाखवले. २०१७ च्या एका आनुवंशशास्त्रीय अभ्यासातही नाकपुड्यांच्या रुंदीचा तापमान व आर्द्रतेशी संबंध आढळला. नाकात हवामानाचा इतिहास सापडतो. त्यात प्रतिष्ठा शोधणे व्यर्थ आहे.

मात्र एक गोष्ट प्रामाणिकपणे सांगायला हवी. जातींचा शरीराशी काहीच संबंध नाही, असे आजचे आनुवंशशास्त्र म्हणत नाही. २०१३ मध्ये प्रसिद्ध झालेल्या जनुकीय अभ्यासानुसार सुमारे ४२०० ते १९०० वर्षांपूर्वीच्या काळात भारतात मोठे मिश्रण झाले. आजचे जवळजवळ सगळे भारतीय गट त्या मिश्रणातून आलेले आहेत. नंतर जातीतच लग्न करण्याची रूढी घट्ट झाली आणि तिच्या खुणा जनुकांत उरल्या. इथे कार्यकारणाची दिशा लक्षात घ्यावी. शरीरे वेगळी होती म्हणून कुंपणे पडली, असे रिस्ले म्हणत. कुंपणे घातली म्हणून शरीरांत थोडा फरक साठत गेला, असे ही जनुके सांगतात. शिवाय हा फरक उच्चनीचतेचा नाही.

अशा मापांची किंमत माणसांनी किती मोजली, याचे उदाहरण आफ्रिकेत आहे. रवांडात बेल्जियन राजवटीत तुत्सी आणि हुतू यांची नाके व उंची मोजून त्यांना वेगळे वंश ठरवले गेले. १९३० च्या दशकात ओळखपत्रांवर गटाचे नाव छापले गेले. १९९४ च्या नरसंहारात रस्त्यावरच्या नाक्यांवर हीच ओळखपत्रे पाहून माणसे मारली गेली. सुमारे १०० दिवसांत ८ लाखांच्या आसपास माणसे गेली.

आपल्याकडे ‘चेहऱ्यावरून जात कळते’ हे वाक्य आजही सहज ऐकू येते. एखाद्या विद्यार्थ्याने वर्गात ते उच्चारले, तर रागवण्याऐवजी एक प्रयोग करून पाहावा. यात नाक मोजायचे नाही आणि कुणाची जात विचारायची नाही. प्रत्येकाने उजव्या हाताच्या मधल्या बोटाची लांबी मिलिमीटरमध्ये मोजावी. हजेरीपटाच्या क्रमाने दहादहा मुलांचे गट पाडून प्रत्येक गटाची सरासरी काढावी. सरासऱ्या बहुधा वेगवेगळ्या येतील आणि त्या उतरत्या क्रमाने लावल्या की फळ्यावर एक सुबक शिडी तयार होईल. आता वर्गाला दोन प्रश्न विचारावेत. पहिल्या पायरीवरचा गट दुसऱ्यापेक्षा श्रेष्ठ आहे का? आणि नुसती बोटाची लांबी सांगितली तर ते बोट कोणत्या गटातले, हे कुणी ओळखू शकेल का?

मुले हसतील. हसू ओसरल्यावर त्यांना सांगावे, की कोणत्याही गटांच्या सरासऱ्या काढल्या की शिडी तयार होतेच. तिच्या वरच्या टोकाला मान आणि खालच्या टोकाला अपमान टांगण्याचे काम फूटपट्टी करत नाही, ते माणसे करतात.